घासत चढणारा सूर

एकतिसाव्या देवळाच्या पायऱ्यांपाशी हिसानो-सान एकदम थांबल्या, आणि त्या थांबल्या म्हणून मलाही थांबावं लागलं. आमच्या दोघींमध्ये एक पांढरी वायर होती. तिचं एक टोक त्यांच्या डाव्या कानात, दुसरं माझ्या उजव्या कानात, आणि फोन त्यांच्या यात्रेच्या पांढऱ्या बंडीच्या खिशात. वायर हातभर लांब. जेवण झाल्यापासून आम्ही बैलजोडीसारख्या चालत होतो. एकीचा पाय अडखळला की दुसरीचा कान ओढला जायचा.

चढ उभा होता आणि त्यांना अठ्ठ्याहत्तरावं लागलेलं. दम लागला असेल म्हणून मी पाण्याची बाटली पुढे केली. त्यांनी ती हातानेच बाजूला सारली.

"थांब जरा. आपली बॅटिंग आली."

कानात हिरोशिमाच्या रेडिओवरचा समालोचक बोलत होता. कोण खेळायला आलंय, डावखुरा आहे की उजवा, गेल्या आठवड्यात त्याने किती चेंडू टोलवले. हिसानो-सानना यातलं काहीच नको होतं.

"हा माणूस श्वास कधी घेतो गं?" त्या म्हणाल्या. "याच्या आईने याला लहानपणी एकदा तरी गप्प बस म्हणायला हवं होतं."

मग तो क्षणभर थांबला, आणि त्याच्या मागून, लांबून, ढोल आणि ट्रम्पेट ऐकू आले. हिसानो-साननी डोळे मिटले. मी पायऱ्यांवर गळून पडलेल्या त्सुबाकीच्या लाल फुलांकडे बघत राहिले, कारण त्यांच्या चेहऱ्याकडे बघायची त्या दिवशी मला लाज वाटत होती. का ते सांगते, पण आधी त्यांच्याविषयी सांगायला हवं.

आमच्या बेटावर अठ्ठ्याऐंशी देवळं आहेत. देवळं म्हणायची एवढंच, कितीतरी ठिकाणी नुसती पत्र्याखाली ठेवलेली दगडी मूर्ती असते, गळ्यात लाल फडकं बांधलेली. एप्रिलमध्ये तीन दिवस लोक ती सगळी पायी करतात. माझा नवरा इथल्या जहाजं बांधायच्या कारखान्यात लागला तेव्हा मी आले, त्याला बावीस वर्षं झाली. त्यातली सोळा वर्षं मी ही फेरी हिसानो-सानबरोबर केली आहे. त्या ओदाइशीसानचं नाव घेतात, बाराशे वर्षांपूर्वी या यात्रेचा मूळ मार्ग घालून देणाऱ्या साधूचं. मी मनातल्या मनात रामरक्षा म्हणते. आम्हाला एकमेकींची कधी अडचण झाली नाही. त्यांना एकदा मी विचारलं होतं की मी दुसऱ्या देवाचं म्हणते ते चालतं ना. त्या म्हणाल्या, "पाय तर याच रस्त्यावर दुखतात ना तुझे? मग झालं."

अर्ध्या वस्तीचं आडनाव एकच आहे, म्हणून इथे सगळ्यांना नावालाच मानाचं 'सान' जोडून हाक मारतात. मी नंदा-सान, त्या हिसानो-सान.

आमची ओळख फळं निवडायच्या शेडमधली. पट्ट्यावरून संत्री येतात, डाग पडलेली बाजूला काढायची. अठरा हिवाळे आणि तितकेच वसंत आम्ही शेजारी उभ्या राहिलो. शेडमध्ये खांबाला एक रेडिओ टांगलेला असायचा आणि शनिवार-रविवारी दुपारी त्यावर बेसबॉल लागायचा. हिसानो-सानना बेसबॉलचं वेड आहे असं सगळेच समजायचे. आपला संघ बॅटिंगला आला की त्या पट्ट्यावरची जागा बदलून खांबाजवळ यायच्या. समोरच्यांची बॅटिंग आली की लघवीला जाऊन यायच्या, चहा ठेवायच्या, फोनवर बोलायच्या. एकदा मी उशिरा आले आणि विचारलं, "कोण पुढे आहे?" त्या म्हणाल्या, "मला काय माहीत." दोन तास त्या खांबाला चिकटून होत्या आणि त्यांना धावसंख्या माहीत नव्हती. तेव्हा मला पहिल्यांदा वाटलं की ह्या बाई काहीतरी वेगळं ऐकतायत.

घरी त्यांच्याकडे जुना रेडिओ होता, पण घरामागे डोंगर. दुपारी खरखर, आणि दिवस कलला की मध्येच कोरियातलं कोणी तरी बातम्या सांगायला लागायचं. मग वादळाच्या सूचनांसाठी म्हाताऱ्यांनी स्मार्टफोन घ्यावा असं वस्तीच्या कार्यालयाने सांगितलं. हिसानो-सान फोनचा खोका घेऊन तशाच माझ्याकडे आल्या. "हे उघडायचं कुठून?" मी त्यात रेडिओ घालून दिला आणि वायर कानात लावून दिली. कोरोनाची साथ यायच्या आदल्या वर्षीची गोष्ट. सामना चालू होता. त्या ऐकत राहिल्या, आणि बऱ्याच वेळाने अगदी हळू म्हणाल्या, "यात मागचंही ऐकू येतं."

"मागचं म्हणजे?"

"वाजवतात ते."

त्या दिवशी माझ्या स्वयंपाकघरात बसून त्यांनी मला मित्सुहिरोचं सांगितलं. तोवर त्यांना मुलगा आहे हेसुद्धा मला कळलं नव्हतं.

मित्सुहिरो, घरातला मि-चान, एकुलता एक. शाळेच्या बँडमध्ये त्याला ट्रम्पेट मिळालं. चौदाव्या वर्षी धक्क्यावर पळताना पडला आणि समोरचा दात अर्धा तुटला. तेव्हापासून वरचा सूर त्याला सरळ लागेना. आधी एक मोठा श्वास घ्यायचा, तो लांबूनही ऐकू यायचा, आणि मग खालून घासत घासत वर चढायचा, जड पेटी घेऊन कोणी जिना चढतं तसा. बँडच्या मास्तरांनी हात टेकले. पोराने नाही टेकले. रोज शाळा सुटली की धक्क्याच्या टोकाला जाऊन वाजवायचा. ओठ फुटायचे. हिसानो-सान त्सुबाकीच्या बियांचं तेल काढतात, ते त्याच्या ओठांना लावायच्या. "वाजवायच्या आधी लावायचं," त्या म्हणाल्या. "नंतर लावून उपयोग नसतो. त्याला दर वेळी सांगावं लागायचं."

बावीस वर्षांचा असताना तो हिरोशिमातल्या टाळ्या-ढोलवाल्या मंडळात जायला लागला. उजवीकडच्या बाकांवर बसून दर खेळाडूची ठरलेली धून वाजवतात ती मंडळी. पैसे मिळत नाहीत, उलट पदरचे जातात. त्या डिसेंबरात, ऐन संत्री उतरवायच्या दिवसांत, मंडळाच्या सरावासाठी तो तीन दिवस गायब झाला. परत आला तेव्हा बाप, इसामु-सान, बागेच्या वाटेवर उभे होते. म्हणाले, "ती पुंगी घेऊन परत या घरात पाऊल टाकू नकोस."

"बापाचं म्हणणं त्याने आयुष्यात एकदाच ऐकलं," हिसानो-सान म्हणाल्या. "तेही नेमकं हे."

तो शहरात मालवाहू गाड्यांवर लागला. काही वर्षं नव्या वर्षाचं कार्ड यायचं, नुसतं छापील. मग तेही थांबलं. यांनी पाठवलेलं कार्ड पत्ता सापडत नाही असा शिक्का घेऊन परत आलं. मधल्या काळात एकदा फेरीबोटीचा तिकीटमास्तर सामना बघून आला आणि म्हणाला, तुमचा मि-चान दिसला, लाल डगला घालून वाजवत होता. त्या वेळी इसामु-सान तिथेच बसले होते. त्यांना कुठल्याही खेळाचा शौक नव्हता. पुढच्या आठवड्यात त्यांनी बागेतल्या खोपटासाठी एक रेडिओ आणला.

वीस वर्षं नवरा-बायकोने एकच रेडिओ ऐकला. मुलाचं नाव दोघांपैकी कुणीही घेतलं नाही. इसामु-सान गेले तेव्हा मुलाला कळवायचं कुठे हा प्रश्न होता. हिसानो-साननी कुणाला विचारलं नाही. चौथ्या दिवशी सामना होता. घरात अगरबत्ती जळत होती, पाहुणे बसले होते, आणि ह्या स्वयंपाकघरात रेडिओला कान लावून. खरखरीतून एकदा तो सूर आला म्हणे. "बापाला पोहोचवायला नाही आला, पण वाजवत होता," त्या म्हणाल्या.

मी त्यांना म्हटलं होतं, बोटीने आणि बसने दोन तासांचा तर रस्ता आहे. एकदा जाऊन बघत का नाही?

"गेले आणि नसला तर?"

मी म्हटलं, निदान कळेल तरी. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी उठून भांडी घासायला लागले.

मग साथ आली. मैदानावर वाद्यं बंद. तीन वर्षं समालोचकाच्या मागे नुसत्या टाळ्या, आणि सुरुवातीला तर त्याही नाहीत. हिसानो-साननी एक सामना चुकवला नाही. मी एकदा म्हटलं, वाजवायला बंदी आहे ना, मग काय ऐकता? त्या म्हणाल्या, "एखादा विसरून वाजवेल." तिसऱ्या वर्षी त्यांचं वजन आठ किलोने उतरलं. डॉक्टरांनी सगळं तपासलं, काही सापडलं नाही. शेडमधल्या बायका म्हणायच्या एकट्या राहतात, नीट खात नसतील. तेही खरं होतं. मी डबा द्यायचे, तो अर्धा परत यायचा. सकाळी दिवा लावताना मी त्यांच्या मुलासाठी मागायला लागले ते तेव्हापासून. त्याला घरी आण असं नाही मागितलं. त्याला वाजवू दे, एवढंच.

बंदी उठली त्या दुपारी मी पोळ्या लाटत होते. फोन वाजला. पलीकडून हिसानो-सान म्हणाल्या, "आहे." आणि फोन ठेवला. मी गॅस बंद करून देवापुढे जाऊन बसले.

आता माझी गोष्ट. गेल्या सप्टेंबरात कारखान्याची माणसं सामना बघायला गेली, बायकांनाही नेलं. मी हिसानो-सानना सांगितलं नाही. मनात होतं, आधी आपण बघून यावं, दिसला तर त्याच्याशी बोलावं, आणि मग परत येऊन त्यांना सांगावं. देवाने हे काम माझ्याकडे दिलंय असंसुद्धा मला वाटलं. असं वाटतं तेव्हा माणसाने जरा जपून असावं, हे मला नंतर कळलं.

रविवारची दुपार होती. समोरच्यांची बॅटिंग चालू असताना मी उजवीकडच्या बाकांपाशी गेले. लाल डगले घातलेले पाच जण ट्रम्पेट घेऊन बसले होते. पाचही तरुण. पन्नाशीचा कोणी नव्हता. मला वाटलं, आज आला नसेल. मग आपली बॅटिंग आली, पाचही जण उठले, आणि त्या वरच्या सुरापाशी आले तेव्हा पाचही जण खालून घासत घासत वर चढले. अगदी एकत्र, शिस्तीत.

डाव संपल्यावर मी सगळ्यात कडेला बसलेल्या मुलीला विचारलं. पंचविशीची असेल. ट्रम्पेटचं तोंड फडक्याने पुसत होती. तिच्या खालच्या ओठावर चीर पडून रक्त सुकलं होतं.

"तो वरचा सूर तुम्ही असा का वाजवता?"

"कुठला? तो?" तिला प्रश्नच कळेना. "तो तसाच आहे, काकू."

"कागदावर तसा आहे?"

"कागद कुठला? आम्हाला वाचता येत नाही. ऐकून ऐकून शिकतो. आम्हाला शिमा-साननी शिकवलं."

शिमा म्हणजे बेट. मी विचारलं, शिमा हे त्यांचं आडनाव का. ती हसली. "छे. कुठल्याशा बेटावरचे होते म्हणून सगळे शिमा-सान म्हणायचे. इथे खरी नावं कोण विचारतंय."

"आता येत नाहीत?"

"साथीत वाजवणं बंद झालं ना, तेव्हापासून नाही आले. त्यांचा नंबरही लागत नाही." मग तिने माझ्याकडे नीट बघितलं. "का हो, तो सूर चुकीचा आहे का?"

मी म्हटलं, नाही, छान आहे. मग न राहवून विचारलं, त्यांचा समोरचा दात तुटलेला होता का?

"तुम्ही ओळखता त्यांना?"

मी नाही म्हटलं, आणि माझ्या जागेवर परत आले.

म्हणजे हिसानो-सान दोन वर्षं रोज जो सूर ऐकून जेवत होत्या, तो मित्सुहिरोचा नव्हताच. त्याची चूक पाच पोरांनी धडा म्हणून पाठ केली होती. आणि तो स्वतः कुठे आहे, आहे की नाही, हे कुणालाच ठाऊक नव्हतं. हे मी कुठल्या तोंडाने सांगणार? दुसऱ्या दिवशी वाटेत हिसानो-साननी विचारलं, "काल दिसली नाहीस?" मी म्हटलं, मावसबहीण आली होती हिरोशिमाला, तिला भेटायला गेले होते. सात महिने मी ते पोटात ठेवलं. खोटं बोललं की दिवा लावताना वात नीट बसत नाही, असं माझी आई म्हणायची. माझी बसत नव्हती.

एप्रिल आला. या वेळी फेरीचा दुसरा दिवस शनिवारी, आणि त्या दुपारी हिरोशिमात सामना. हिसानो-सान म्हणाल्या, "तू एका कानाने ऐक, मी एका कानाने. दुसरा कान ओदाइशीसानला." मी ठरवलं, फेरी संपायच्या आत सांगायचं.

चौतिसावं देऊळ तोमिए-सानच्या अंगणात आहे. यात्रेच्या दिवसांत त्या दारात टेबल मांडून चहा आणि घावनासारखी गोड पोळी ठेवतात, येईल त्याला. पैसे घेत नाहीत आणि कोण कुठचे विचारत नाहीत, कारण यात्रेकरूच्या वेषात कोण येईल सांगता येत नाही. आम्हाला मात्र त्या चांगल्या ओळखतात.

"काय हे, हिसानो," त्या म्हणाल्या. "या वयात दोघींत एक कान वाटून घेतलाय. दुसरा घ्यायला जमलं नाही का?"

"तुझ्यासारखे दोन्ही असून काय उपयोग? तीस वर्षं नवऱ्याचं एक अक्षर ऐकलं नाहीस."

"त्याने बोलायला हवं ना काही ऐकण्यासारखं."

तेवढ्यात घरातून तोमिए-सानच्या नवऱ्याचा आवाज आला, टीव्हीसमोरून. टाळ्या वाजवत होता. आमच्या कानात मात्र समालोचक अजून शांतपणे चेंडू मोजत होता. फोनवर सगळं जवळजवळ मिनिटभर उशिरा येतं. टीव्हीवर होऊन गेलेलं आमच्याकडे अजून व्हायचं असतं.

"ऐकलंस ना? मारला त्याने," तोमिए-सान म्हणाल्या. "काढ ते कानातलं आणि चहा पी."

"मी थांबते."

"अगं, होऊन गेलं. आता कसली वाट बघतेस?"

"बघू दे," हिसानो-सान म्हणाल्या. "एवढं एक मला चांगलं जमतं."

आम्ही तिघी चहाचे कप धरून उभ्या राहिलो. चेंडू, परत चेंडू, मग समालोचकाचा आवाज चढला, मैदान ओरडलं, आणि त्या गोंगाटावरून ट्रम्पेट वाजायला लागले. तो सूर आला. खालून घासत वर गेला. मी माझ्या उजव्या कानाने तो ऐकला आणि कपात बघत राहिले. हिसानो-सानचा चहा थोडा सांडला. त्यांनी बंडीला हात पुसला, तोमिए-सानना वाकून नमस्कार केला आणि म्हणाल्या, "पोळी छान झालीय. साखर कमी घातलीस यंदा."

"मधुमेह निघाला त्याला."

"बरं झालं. आमच्याही दातांना बरं."

तिथून रस्ता खाली समुद्राकडे उतरतो. छत्तिसावं देऊळ धक्क्याच्या तोंडाशी आहे, दोन दगडी मूर्ती आणि वर काँक्रीटचं छत. हिसानो-साननी मेणबत्ती लावली, घंटा वाजवली, मंत्र म्हटला. मी रामरक्षा पुरी केली. मग आम्ही धक्क्यावर जाऊन बसलो. सामन्याचा आठवा डाव चालला होता, समोरच्यांची बॅटिंग होती. आम्ही दोघींनी कानातलं काढलं आणि त्यांनी वायर मांडीवर ठेवली. समोर पाणी अगदी सपाट. याच टोकाला तो वाजवायला बसायचा.

मी म्हटलं, "हिसानो-सान, मला तुम्हाला एक—"

"तू मैदानावर गेली होतीस," त्या म्हणाल्या. "सप्टेंबरात."

मी पाण्याच्या बाटलीचं झाकण उघडून परत लावलं.

"तुझ्या नवऱ्याने सोसायटीच्या दुकानात सगळ्यांना सांगितलं. किती बिअर प्यायला तेही सांगितलं. तूच तेवढी मावसबहिणीकडे गेली होतीस. इथे तुला मावसबहीण कुठून आली, याचा विचार करण्यात माझे दोन दिवस गेले."

"माझं चुकलं."

"चुकलं खरं. पण तेव्हाच कळलं मला. तो दिसला असता तर बोटीतून उतरल्यावर तू आधी माझ्याकडे पळत आली असतीस. घरी चप्पलसुद्धा काढली नसतीस. तू दहा दिवस माझ्याकडे नीट बघितलं नाहीस."

मी मान खाली घालून बसले. त्यांनी पिशवीतून संत्रं काढलं, सोललं, अर्धं माझ्या हातावर ठेवलं.

"आणि मी काय बहिरी आहे?" त्या म्हणाल्या. "परत वाजायला लागलं, त्या पहिल्या दिवशीच कळलं होतं मला. मि-चान आधी श्वास घ्यायचा. हे घेत नाहीत. दात चांगले असतील सगळ्यांचे. चढतात अगदी त्याच्यासारखे, पण श्वास नाही."

"मग तुम्ही मला फोनवर 'आहे' म्हणालात ते?"

"आहेच की. त्याची चूक आहे." एक फोड तोंडात टाकून त्या बराच वेळ चावत राहिल्या. "मास्तरांनी तीन वर्षं ती काढायचा प्रयत्न केला. कुणी तरी ती शिकून घेतली. माझ्या पोराचं असं कुणी काही घेईल, हे मला कधी वाटलं नव्हतं."

वारा नव्हता. मांडीवरच्या वायरीतून समालोचकाचा आवाज माशीसारखा येत होता.

"मला थोडं कळलंय," मी म्हटलं. "त्याच्याबद्दल. फार नाही. सांगू?"

त्या बंडीची कड दोन बोटांत धरून ती गुंडाळत राहिल्या.

"आज नको," त्या शेवटी म्हणाल्या. "तू सांगितलंस, तर तो एक तर कुठे तरी असेल, नाही तर कुठेच नसेल. दोन्हींपैकी काहीही असलं, तरी उद्यापासून हे मी कानात कशासाठी घालू?"

आपली बॅटिंग आली असावी, कारण वायरीतला आवाज बदलला. त्यांनी ती कानाला लावली नाही.

"वाजवणाऱ्यांपैकी कुणाशी बोललीस?"

"एका मुलीशी."

"ओठ कसे होते तिचे?"

"खालचा फुटलेला होता," मी म्हटलं. "रक्त सुकलं होतं."

त्यांनी मान हलवली, जणू हेच ऐकायचं होतं. मग पिशवीत अगदी तळाशी हात घालून त्यांनी रुमालात बांधलेली एक छोटी बाटली काढली. त्सुबाकीचं तेल. गेल्या हिवाळ्यात काढलेलं, फिकट पिवळं, करंगळीएवढ्या बाटलीत काठोकाठ भरलेलं. म्हणजे आज सकाळी घरातून निघतानाच त्यांनी ती बरोबर घेतली होती. कदाचित हिवाळ्यापासून बाजूला ठेवली असेल.

"तोमिए आपल्याला विचारते का, तुम्ही खऱ्या यात्रेकरू की नुसत्या चहाला आलात म्हणून? देते ना, येईल त्याला? तसंच करायचं." त्यांनी बाटली माझ्या तळहातावर ठेवली आणि माझी बोटं मिटवली. "पुढच्या वेळी जाशील तेव्हा ही त्या मुलीला दे, ती नसली तर जो कोणी वाजवत असेल त्याला दे. त्यांचं नाव विचारू नकोस, माझंही सांगू नकोस. वाजवायच्या आधी लावायचं, नंतर नाही, एवढं मात्र न विसरता सांग."